कात्रीनं इतिहास मांडणाऱ्या एस्फिर शुब

माहितीपट म्हटलं की कॅमेरा आठवतो. एस्फिर शुब (१८९४–१९५९) यांची कारकीर्द मात्र संकलनाच्या टेबलावर घडली. १९२२ पासून त्या परदेशी चित्रपट सोव्हिएत प्रेक्षकांसाठी नव्यानं कापून-जोडून देत. पुढं झारच्या घरगुती फिती आणि जुने बातमीपट धुंडाळत त्यांनी सुमारे ६० हजार मीटर फिल्म पाहिली. दरबारी थाटाशेजारी राबणारी माणसं लावली आणि झारची हौसच त्याच्याविरुद्ध साक्ष देऊ लागली. त्यातून १९२७ मध्ये ‘रोमानोव्ह घराण्याचं पतन’ हा माहितीपट आला. ‘सोव्हकिनो’ या सरकारी चित्रपटसंस्थेनं मात्र कर्तेपणाचा हक्क द्यायला नकार दिला. चित्रण इतरांचं खरं, पण त्यातून जे सांगितलं गेलं ते शुब यांचं होतं. जुन्या फितींतून माहितीपट घडवणारे आजही त्यांच्याच वाटेनं जातात.