वसईच्या भग्न चर्चमधील संत



वसईच्या किल्ल्यात शिरताच ओस पडलेल्या चर्चच्या उंच भिंती दिसतात. १७३९ साली मराठ्यांनी किल्ला जिंकला आणि पोर्तुगीज अमदानीत गजबजलेली ही उपासनास्थाने हळूहळू ढासळली. त्यांपैकी येशूसंघीयांचे चर्च आज संत गोन्सालो गार्सिया यांच्या नावाने ओळखले जाते. संतांच्या सणाला भाविक तेथे जमतात.

गोन्सालो यांचा जन्म १५५७च्या सुमारास वसईत झाला. वडील पोर्तुगीज, आई याच मातीतली. येशूसंघीयांकडे शिकून पंधराव्या वर्षी ते त्यांच्याबरोबर जपानला गेले. तेथील भाषा शिकून त्यांनी धर्मशिक्षकाची सेवा केली. येशूसंघात प्रवेश मिळावा ही त्यांची मनापासूनची इच्छा मात्र पूर्ण झाली नाही. ते व्यापारात उतरले व त्यात त्यांचा चांगला जम बसला. तरीही मन रमेना. अखेर मनिला येथे ते फ्रान्सिस्कन संघात बंधू म्हणून दाखल झाले. गुरुदीक्षा त्यांना कधीच मिळाली नाही.

१५९३ साली फादर पेद्रो बाप्तिस्ता यांच्याबरोबर ते दुभाषी म्हणून पुन्हा जपानला गेले. राज्यकर्ता हिदेयोशी याच्यापुढे तीच जुनी भाषा कामी आली. क्योटो येथे मठ उभा राहिला, कुष्ठरोग्यांची सेवा सुरू झाली. पुढे हिदेयोशीची मर्जी फिरली. १५९६च्या अखेरीस त्यांना अटक झाली. कान कापून, ऐन हिवाळ्यात, त्यांना नागासाकीपर्यंत नेण्यात आले. ५ फेब्रुवारी १५९७ रोजी २६ जणांना क्रुसावर चढवून भाल्यांनी ठार मारण्यात आले. त्यांतील १७ जण प्रापंचिक होते. १८६२ साली गोन्सालो यांना संतपद मिळाले. भारतात जन्मलेले ते पहिले संत.

चांदवडमध्ये आपल्यालाही नकार ठाऊक आहेत. कांद्याचा भाव कोसळतो, मुलाची नोकरी हुकते, व्रतस्थ व्हायला गेलेली मुलगी घरी परतते. अशा वेळी सारी वर्षे वाया गेली असे वाटते. गोन्सालो यांना जे दार उघडले नाही, त्याच्याच उंबरठ्यावर शिकलेली भाषा देवाने पुढे वापरली. नकाराचे दुःख खोटे नसते. पण देवाच्या हिशेबात तेथे शिकलेले काहीच फुकट जात नाही, असे आम्हाला वाटते.

६ फेब्रुवारीला त्यांचे स्मरण करताना, आपल्यातील ज्यांच्यासाठी एखादे दार बंद झाले आहे, त्यांच्यासाठी आपण प्रार्थना करू या.