कोकणातला मुलगा केंब्रिजमध्ये पहिला आला, पुढे भारताचा ऑस्ट्रेलियातला पहिला उच्चायुक्त झाला

सई परांजपे यांचे सिनेमे तुम्ही पाहिले असतील. त्यांचं लहानपण काही वर्षं ऑस्ट्रेलियाच्या कॅनबेरात गेलं, हे मात्र फारसं कुणाला ठाऊक नसतं. कारण त्यांचे आजोबा तिथे भारताचे उच्चायुक्त होते. त्यांचं नाव रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे. महाराष्ट्र त्यांना रँग्लर परांजपे म्हणून ओळखतो.

जन्म १६ फेब्रुवारी १८७६ चा, दापोलीजवळच्या मुर्डी गावातला. महर्षी धोंडो केशव कर्वे त्यांचे नातलग. रघुनाथरावांच्या शिक्षणामागे कर्वेच उभे राहिले.

हुशारीच्या जोरावर सरकारी शिष्यवृत्ती मिळाली आणि १८९६ साली ते केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजात दाखल झाले. तिथल्या गणिताच्या परीक्षेत जे पहिल्या वर्गात येत, त्यांना रँग्लर म्हणत. त्यातला पहिला तो सीनियर रँग्लर. १८९९ साली हा मान परांजपेंनी बर्टविसल या इंग्रज विद्यार्थ्यासोबत विभागून मिळवला. असा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. हिंदी माणसाला अवघड गणित झेपत नाही, असं मानणाऱ्या साहेबांची त्या दिवशी मोठी पंचाईत झाली असणार!

आता विलायतेत राहायचं की मोठ्या सरकारी नोकरीत शिरायचं? परांजपे पुण्याला परतले. फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य झाले आणि जवळपास वीस वर्षं मोजक्या पगारावर ते पद सांभाळलं. मला विचाराल तर त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा निर्णय हाच.

राजकारणात ते मवाळ, गोखल्यांच्या वळणाचे. १९२१ मध्ये मुंबई इलाख्याचे शिक्षणमंत्री झाले. १९२३ चा प्राथमिक शिक्षण कायदा त्यांच्याच काळातला. पण इंग्रजांच्या चौकटीत राहून काम करणारा माणूस जहालांना कसा पटणार? ही टीका त्यांना कायम सोसावी लागली. १९४२ मध्ये देशात 'चले जाव' पेटलं, त्याच वर्षी त्यांना 'सर' हा किताब मिळाला.

मग आलं १९४४. राष्ट्रकुलातल्या देशांत राजदूताला उच्चायुक्त म्हणतात. ऑस्ट्रेलियात भारताचे पहिले उच्चायुक्त म्हणून परांजपे गेले, वयाच्या ६८ व्या वर्षी. काम मोठं अवघड होतं. दिल्लीत राज्य इंग्रजांचं, म्हणजे ज्या देशाच्या वतीने बोलायचं तो देशच स्वतंत्र नाही. समोर 'व्हाइट ऑस्ट्रेलिया' धोरण. १९०१ च्या कायद्यानुसार येणाऱ्याची युरोपीय भाषेत श्रुतलेखनाची परीक्षा घेता येई आणि भाषा अधिकारीच निवडी. नको असलेल्या माणसाला नापास करायची ही सोय होती. केंब्रिजमध्ये गोऱ्यांच्या बरोबरीने पहिला आलेला माणूस, पण त्याच्या देशबांधवांना इथे स्थायिक व्हायला जवळपास दार बंद! १९४७ मध्ये, देश स्वतंत्र झाला त्याच वर्षी, त्यांचा हा कार्यकाळ संपला.

घरातही ते काळाच्या पुढे होते. एकुलती मुलगी शकुंतला केंब्रिजला गणित शिकली. पुढे तिने संततिनियमनाचं काम केलं, राज्यसभेवरही गेली. स्वतः परांजपे उघड नास्तिक आणि विवेकवादी. त्या काळच्या पुण्यात हे सोपं नव्हतं.

लखनौ आणि नंतर पुणे विद्यापीठाचं कुलगुरूपदही त्यांनी भूषवलं. १९६१ मध्ये आलेल्या आत्मचरित्राला त्यांनी क्रिकेटच्या भाषेत नाव दिलं, 'एटी-फोर नॉट आउट'. डाव त्यानंतरही चालू राहिला. ६ मे १९६६ ला त्यांचं निधन झालं, तेव्हा धावफलकावर ९० होते.