औचित्याचे आचार्य : व्यासदास क्षेमेंद्र

शारदेची भूमी म्हणून प्रसिद्ध असलेल्या काश्मीरमध्ये इसवी सनाच्या ११व्या शतकात आचार्य क्षेमेंद्र होऊन गेले. त्यांच्या पित्याचे नाव प्रकाशेंद्र. राजा अनंत व त्याचा पुत्र कलश यांच्या कारकिर्दीत त्यांनी विपुल ग्रंथरचना केली. शैव संस्कारांत वाढलेल्या क्षेमेंद्रांनी थोर शैवाचार्य अभिनवगुप्त यांच्याकडून साहित्यशास्त्राचे श्रवण केले. पुढे सोमाचार्यांच्या उपदेशाने ते विष्णुभक्त झाले. महर्षी व्यासांवरील निष्ठेमुळे ते स्वतःस व्यासदास म्हणवून घेत.

क्षेमेंद्र हे कवी तर होतेच, परंतु त्याहून अधिक ते शिक्षक होते. ‘कविकंठाभरण’ हा ग्रंथ त्यांनी काव्य शिकू इच्छिणाऱ्या शिष्यांसाठी रचला. अल्प प्रयत्नाने शिकणारा, कष्टाने शिकणारा आणि शिकवूनही न शिकणारा असे शिष्यांचे तीन प्रकार त्यांनी सांगितले. सरस्वतीची उपासना करावी, पण तेवढ्यावर विसंबू नये. नाट्य पाहावे, गीत ऐकावे, लोकव्यवहार न्याहाळावा, असा त्यांचा उपदेश आहे.

‘औचित्यविचारचर्चा’ या ग्रंथात त्यांनी औचित्य हा काव्याचा प्राण मानला. गळ्यात घातलेला कमरपट्टा जसा हास्यास्पद ठरतो, तसाच अस्थानी वापरलेला अलंकार. या कसोटीवर त्यांनी कालिदासासारख्या महाकवीच्या रचनेतीलही उणिवा दाखविल्या. विशेष म्हणजे, दोषांच्या उदाहरणांतून त्यांनी स्वतःचे श्लोकही वगळले नाहीत. गुरूची थोरवी येथेच प्रकट होते.

लेखणीच्या बळावर प्रजेला नाडणाऱ्या अधिकाऱ्यांवर त्यांनी ‘नर्ममाला’ या काव्यात कठोर उपहास केला. पत्रे, कर्जरोखे, हुंड्या व राजाज्ञा कशा लिहाव्यात याचे नमुने देणारा ‘लोकप्रकाश’ हा ग्रंथही त्यांच्याच नावावर आहे. त्यात पुढील काळातील भर पडलेली दिसते. काव्य असो वा कर्जरोखा, शब्द योग्य जागी पडला नाही तर अनर्थ ओढवतो.

इ. स. १०५२ मध्ये त्यांनी बुद्धाच्या पूर्वजन्मांच्या कथांचा ग्रंथ सिद्ध केला. त्यातील १०८वी कथा पुत्र सोमेंद्र याने लिहून पूर्ण केली. इ. स. १०६६ मध्ये त्रिपुरेश पर्वतावर त्यांनी ‘दशावतारचरित’ रचले आणि त्यात भगवान बुद्धांस विष्णूचा नववा अवतार म्हणून वंदन केले.

दशावतारांचे दर्शन घेताना या निःस्पृह आचार्यांचे स्मरण करणे भाविकांस सर्वथा उचित होय.