गांधीजींची रिळं गोळा करणारा माणूस

गांधीजींवरच्या माहितीपटात जुनी दृश्यं आली, की ती कुणी आणि कुठून मिळवली असतील याचं मला कुतूहल वाटतं. त्या कुतूहलापोटीच मला ए. के. चेट्टियार सापडले. तमिळ वाचक त्यांना प्रवासवर्णनकार म्हणून मानतात. मला जास्त मोठं वाटतं ते त्यांचं रिळं शोधण्याचं काम.

चेट्टियारांचा जन्म १९११चा, चेट्टिनाडमधल्या कोट्टैयूरचा. तरुणपणी त्यांनी ब्रह्मदेशात एक तमिळ मासिक चालवलं, मग टोकियो आणि न्यूयॉर्कला छायाचित्रण शिकले. २ ऑक्टोबर १९३७ रोजी, म्हणजे नेमक्या गांधीजयंतीला, न्यूयॉर्कहून डब्लिनला जाणाऱ्या बोटीवर त्यांनी ठरवलं, गांधीजींवर चित्रपट करायचा. वय पंचविशीचं!

पण करायचा कसा? दांडीयात्रा १९३०लाच होऊन गेली होती, गांधीजींची गोलमेज परिषद १९३१ला. नट घेऊन ते प्रसंग उभे करता आले असते, पण त्यात गांधीजी नसते. म्हणून ज्यांनी त्या त्या वेळी कॅमेरा चालवला, त्यांच्याकडची फिल्म मिळवायची, एवढाच रस्ता उरला. चेट्टियार चार खंडांत सुमारे एक लाख मैल हिंडले. तीस वर्षांत शंभरावर कॅमेरामननी टिपलेली ५० हजार फूट फिल्म त्यांनी जमवली.

हा आकडा जरा उलगडून बघू या. बोलपटाची ३५ मिलिमीटर फिल्म मिनिटाला ९० फूट सरकते. म्हणजे हा ऐवज नऊ तासांहून जास्त! त्यातून १२ हजार फुटांचा, सव्वादोन तासांचा चित्रपट निघाला. मूकपटाच्या काळातली दृश्यं कमी वेगाने टिपलेली असत. बोलपटाच्या यंत्रावर ती चढवली की माणसं तुरुतुरु पळताना दिसतात. तेव्हाची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई. शिवाय राज्य इंग्रजांचं, आणि दांडीयात्रेच्या फिल्मवर सरकारने बंदीही घातलेली.

तरीही ऑगस्ट १९४०मध्ये मद्रासला तमिळ चित्रपट पडद्यावर आला. पुढे तेलुगू आणि हिंदी आवृत्त्या निघाल्या, १९५३मध्ये अमेरिकेत छोटी इंग्रजी आवृत्तीही. चेट्टियार मात्र पुन्हा लेखनाकडे वळले. ‘कुमरि मलर’ या आपल्या मासिकातून ते जुने, दुर्मीळ लेख पुन्हा छापत राहिले. जपून ठेवायची सवय सुटली नाही ती नाहीच.

१९८३मध्ये ते वारले. तोवर मूळ तमिळ चित्रपट नाहीसा झाला होता. पुढे इतिहासकार ए. आर. वेंकटाचलपती त्याच्या शोधात निघाले, तेव्हा हाती लागली ती इंग्रजी आवृत्ती, तीही अमेरिकेतल्या विद्यापीठाच्या संग्रहात. ज्याने जगभरातून रिळं गोळा केली, त्याचंच रीळ दुसऱ्याला शोधावं लागलं.

यात मला चेट्टियारांचा दोष दिसत नाही. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं १९६४ला. त्याआधी अशी फिल्म सोपवायची कुणाकडे? आज ती सोय आहे. तेव्हा आपल्या गावात कुणाच्या माळ्यावर जुनी रिळं पडून असतील, तर ती भंगारवाल्याकडे जाण्याआधी आपण विचारपूस तरी करू या.