जाते, टकळी आणि कुदळ

महाबळेश्वरच्या डोंगरातून खाली उतरलेल्या कृष्णेच्या काठी वाई हे जुने गाव वसले आहे. नदीवर दगडी घाट, घाटावर ढोल्या गणपतीचे भव्य देऊळ, आणि घरोघरी वेदशास्त्रांच्या अध्ययनाची परंपरा. लोक या गावाला दक्षिणकाशी म्हणत. इ. स. १९१७ साली या गावात एक विलक्षण प्रकार सुरू झाला. पंधरा विद्यार्थी जात्यावर बसून लोकांचे धान्य दळून देऊ लागले. ते पांढरपेशा घरांतील होते, काही तर चांगल्या सुखवस्तू कुटुंबांतील. दर दोन शेरांना एक पैसा. दळण हे बायकांचे काम, आणि दुसऱ्याचे दळण दळणे हे तर पोटासाठी मोलमजुरी करणाऱ्या गरीब बाईचे. मुलग्यांनी, त्यातही शिकणाऱ्या मुलग्यांनी ते करावे, हे जुन्या वळणाच्या त्या गावाला रुचणे शक्य नव्हते. लोकांनी त्यांना वेड्यात काढले. या वेड्यांचा म्होरक्या बावीस वर्षांचा, अंगाने अगदी किरकोळ असा एक तरुण होता. तोही त्यांच्याबरोबर दळीत होता. त्याचे नाव विनायक नरहर भावे. पुढे साऱ्या देशाने त्यांना विनोबा या नावाने ओळखले.

विनोबांचा जन्म कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील गागोदे या खेड्यात ११ सप्टेंबर १८९५ रोजी झाला. भावे घराण्याचा वाईशी पूर्वापार संबंध होता. आजोबा शंभूराव अत्यंत श्रद्धाळू. वडील नरहरपंत मात्र विज्ञानाची आवड असलेले, बडोद्यास नोकरी करणारे आणि रंगांचे प्रयोग करीत बसणारे. आई रुक्मिणीबाई फारशी शिकलेली नव्हती, परंतु विनोबांच्या मनाची खरी घडण तिने केली. परसातला फणस पिकला की मुले त्याभोवती घुटमळू लागत. आई मात्र त्यांच्या हातून गरे आधी शेजारीपाजारी पाठवी, आणि मग उरलेले त्यांना देई. घरात फणस असताना आपली पाळी शेवटी का, हे लहान विन्याला त्या वेळी कळले असेल की नाही, कोण जाणे! पुढे गावोगाव हिंडून जमीन मागताना मात्र आईची ही आठवण ते लोकांना सांगत असत.

बडोद्यास शिकत असताना विनोबांची बुद्धी तीव्र, गणिताची गोडी मोठी; पण परीक्षा आणि पदव्या यांवर त्यांचे मन कधीच बसले नाही. १९१६ साली त्यांनी आपली प्रमाणपत्रे आईसमोर चुलीत घातली. पुढे कधी लागली तर, अशी तिची शंका. पण ती जवळ असली तर मन मागे ओढेल, हाच त्यांना धोका वाटत होता. त्याच वर्षीच्या मार्चमध्ये ते इंटरच्या परीक्षेसाठी मुंबईच्या गाडीत बसले, वाटेत सुरतेस उतरले आणि थेट काशीला गेले. काशीत त्यांनी गांधीजींच्या एका भाषणाची हकीकत वाचली. पत्रव्यवहार झाला, आणि ७ जून १९१६ रोजी ते अहमदाबादजवळच्या कोचरब आश्रमात पोहोचले. त्या वेळी गांधीजी भाजी चिरीत बसले होते. त्यांनी नव्या पाहुण्याच्या हातातही एक सुरी दिली. विनोबांनी यापूर्वी कधी भाजी चिरली नव्हती. देशाचा एवढा मोठा पुढारी स्वयंपाकघरातले काम करतो आणि ते करता करता बोलतो, ही गोष्ट त्यांना कोणत्याही व्याख्यानाहून अधिक काही सांगून गेली.

आश्रमात आल्यावर काही महिन्यांनी प्रकृती सुधारावी आणि अपुरे राहिलेले संस्कृताचे अध्ययन पुरे करावे म्हणून त्यांनी एक वर्षाची रजा घेतली. वाईस प्राज्ञपाठशाळेत नारायणशास्त्री मराठे अध्यापन करीत असत. हेच पुढे केवलानंद सरस्वती या नावाने प्रसिद्धीस आले. त्यांच्यापाशी बसून विनोबांनी उपनिषदे, गीता, शांकरभाष्यासह ब्रह्मसूत्रे आणि पातंजल योगदर्शन यांचा अभ्यास केला. पाठशाळेतील लक्ष्मणशास्त्री जोशी या किशोरवयीन विद्यार्थ्याला त्यांनी इंग्रजी शिकविले. हाच विद्यार्थी पुढे तर्कतीर्थ आणि मराठी विश्वकोशाचा प्रमुख संपादक झाला.

अभ्यासाच्या जोडीला शरीर कमावणेही चालले होते. रोज दूरवर चालावे, नमस्कार घालावेत, आणि शेरांच्या हिशेबाने धान्य दळावे, असा क्रम होता. याच दिवसांत त्यांनी गावात विद्यार्थी मंडळ स्थापन केले. मंडळाला वाचनालय हवे होते आणि वाचनालयाला पैसा. वर्गणीची यादी घेऊन श्रीमंतांच्या दारी जाणे सोपे होते. विनोबांनी ते केले नाही. जो गिरणीवर दळण नेतो त्याने ते आमच्याकडे आणावे, आम्ही दळून देऊ, असे त्यांनी ठरविले. दळणाचा हा वर्ग सुमारे दोन महिने चालला, आणि वाचनालयात चारशेच्या आसपास पुस्तके जमली. दोन महिने म्हणजे काही फार नव्हेत, हे खरे. परंतु पुस्तक वाचणारा हात आणि जाते ओढणारा हात एकच असावा, हा विनोबांचा आयुष्यभराचा आग्रह कृतीत उतरला तो वाईस. वाईचे अध्ययन आटोपल्यावर महाराष्ट्रातील काही जिल्ह्यांतून सुमारे चारशे मैल ते पायी फिरले. वाटेत त्यांनी गड चढले, गावोगाव गीतेवर प्रवचने दिली, आणि बरोबर वर्षाच्या दिवशी ते आश्रमात परतले. रजेचा तो दिवस गांधीजींच्या ध्यानातही राहिला नव्हता.

एप्रिल १९२१ मध्ये वर्ध्याचा आश्रम चालविण्याचे काम विनोबांकडे आले. पुढे झेंडा सत्याग्रहातला तुरुंगवास, १९३० ते ३१ या काळात आईच्या इच्छेस्तव केलेले गीतेचे मराठी समश्लोकी भाषांतर ‘गीताई’, १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगातील गीतेवरची प्रवचने आणि ती शब्दशः उतरवून घेणारे साने गुरुजी, १९४० साली पहिला वैयक्तिक सत्याग्रही म्हणून झालेली निवड, हा सर्व इतिहास सुप्रसिद्ध आहे. त्यामानाने कमी ठाऊक आहे ती नालवाडीची गोष्ट.

खादीचा प्रसार वाढत होता, देशभक्त अभिमानाने खादी वापरीत होते. पण जी बाई दिवसभर सूत काती तिला त्या मजुरीत पोटभर खाता येत नसे. खादी महाग होऊ नये म्हणून मजुरी वाढवता येत नाही, असा हिशेब मांडला जाई. विनोबांनी वाद घातला नाही. वर्ध्याजवळच्या नालवाडीत राहून ते स्वतः रोज आठ आठ तास सूत कातू लागले, आणि कातणाऱ्याला जी मजुरी मिळे तेवढ्यातच आपले जेवण भागवू लागले. शिकवायचे ते कातता कातताच. अशा रीतीने उपाशी राहणाऱ्या बाईचा प्रश्न कागदावरून त्यांच्या स्वतःच्या ताटात आला. ही गोष्ट गांधीजींच्याही कानी गेली, आणि १९३५ साली चरखा संघाने कातणाऱ्यांच्या मजुरीचा दर वाढवून निर्वाहाला पुरेल असा करण्याचे धोरण स्वीकारले. स्वस्त वस्तू घेणाऱ्याने ती कोणाच्या भुकेवर स्वस्त झाली हे पाहावे, अशी ही शिकवण होती. तिच्यासाठी विनोबांनी एकही सभा घेतली नाही.

१९३८ साली प्रकृती फारच खालावल्यामुळे ते धाम नदीच्या काठी पवनारला राहावयास गेले. तेथे रोज थोडे थोडे खणणे हेच त्यांचे औषध ठरले. खणता खणता जमिनीतून प्राचीन शिल्पे निघाली. त्यांत एक राम आणि भरत यांच्या भेटीचे होते. पवनारपासून तीनएक मैलांवर सुरगाव आहे. १९४६ नंतर विनोबा रोज सकाळी खांद्यावर फावडे टाकून तेथे जात आणि रस्त्याकडेची घाण उचलून मातीने झाकीत. ऊन असो, पाऊस असो, हे व्रत चुकले नाही. एकदा ओढ्याला पूर आला. पलीकडे जाणे अशक्य झाले, तेव्हा त्यांनी पैलतीरावरच्या माणसाला हाक मारून, गावचा भंगी येऊन गेला म्हणून देवळातल्या देवाला सांग, असा निरोप दिला आणि ते परत फिरले. अस्पृश्य म्हणून दूर ठेवलेल्यांचे काम ब्राह्मणाने उचलावे, हा त्यातला एक हेतू होता. दुसरा हेतू शेतीचा होता. मैल्याचे जे खत होते त्याला आपल्याकडे सोनखत म्हणतात. उघड्यावर पडले तर रोगराई आणि मातीखाली गेले तर सोने, असा हा व्यवहार आहे. जमिनीतून जे घेतले ते जमिनीला परत दिले नाही, तर ती एक दिवस रिकामी होईल, हे ते वारंवार समजावून सांगत.

स्वराज्य आले, पण धान्याची टंचाई आणि वाढती महागाई संपली नाही. १९५० च्या सुमारास पवनारच्या आश्रमात विनोबांनी एक धाडसी प्रयोग आरंभिला. त्याचे नाव कांचनमुक्ती. आश्रमाने पैशाची देणगी घ्यायची नाही; कोणाला मदत करायचीच असेल तर त्याने येऊन श्रम द्यावेत. विनोबांचा विचार असा की, नोटा नाशिकच्या छापखान्यात हव्या तितक्या छापता येतात, जोंधळा मात्र छापता येत नाही. तो घामानेच पिकतो. मग ज्याची किंमत आज एक आणि उद्या दुसरी, अशा मापाने माणसाचे श्रम का मोजावेत? न्यायाधीश असो की शेतमजूर, भूक दोघांची सारखीच. तेव्हा मोबदल्यातही जमीनअस्मानाचे अंतर नको, असेही ते म्हणत. आश्रमाची काही जमीन बैलांवाचून, केवळ कुदळीने कसली जाऊ लागली. तिला ऋषिशेती म्हणत. पाण्यासाठी सर्वांनी मिळून विहीर खणली. तिच्यावरचा रहाट माणसे ढकलीत आणि ढकलता ढकलता गीताई म्हणत.

हा प्रयोग सर्व देशाला पेलेल का, अशी शंका त्या वेळीही पुष्कळांना होती. मोठे कारखाने, धरणे आणि यंत्रे यांच्यावाचून कोट्यवधी माणसांचे दारिद्र्य हटणार नाही, असे म्हणणारे लोक काही अज्ञानी नव्हते. विनोबाही यंत्राचे शत्रू नव्हते. जे यंत्र माणसाचे काम हिसकावून घेते ते नको, एवढेच त्यांचे म्हणणे होते. शंकेचे उत्तर मिळण्यापूर्वीच एका वेगळ्याच कार्याने त्यांना पवनारहून बाहेर काढले.

मार्च १९५१ मध्ये ते हैदराबादजवळच्या शिवरामपल्ली येथील सर्वोदय संमेलनासाठी पायीच निघाले. तेलंगणात त्या वेळी जमीनदारांविरुद्ध साम्यवाद्यांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांचा सशस्त्र लढा चालू होता. दिवसा पोलिसांची भीती, रात्री बंडखोरांची. संमेलन संपल्यावर विनोबा त्याच भागात शिरले. १८ एप्रिल रोजी पोचमपल्ली गावी हरिजन वस्तीतील लोकांनी त्यांच्याकडे ८० एकर जमीन मागितली. कसायला हात आहेत, जमीन नाही, एवढेच त्यांचे गाऱ्हाणे होते. सरकारकडे अर्ज पाठवीन, असे सांगण्याची वेळ आली होती. इतक्यात विनोबांनी जमलेल्या गावकऱ्यांनाच विचारले. रामचंद्र रेड्डी नावाचे गृहस्थ उभे राहिले आणि त्यांनी १०० एकर देऊ केली. त्या रात्री विनोबांना झोप लागली नाही. मागितल्याने जमीन मिळते, ही गोष्ट खरी मानावी की योगायोग समजावी? दुसऱ्या दिवशी त्यांनी पुढच्या गावी मागितली, आणि तेथेही ती मिळाली.

भूदानयज्ञाचा आरंभ तो असा. आपल्याला घरातला सहावा मुलगा समजून जमिनीचा सहावा हिस्सा द्या, अशी त्यांची मागणी असे. पुढे १९५२ मध्ये उत्तर प्रदेशातील मंगरोठ हे गाव सबंधच्या सबंध दान झाले आणि ग्रामदानाची कल्पना पुढे आली. तिच्यात जमिनीची मालकी गावाची, कसणे कुटुंबाचे आणि उत्पन्नाचा काही भाग गावाच्या कोशाचा, अशी व्यवस्था होती. सुमारे तेरा वर्षे विनोबा चालत होते. १९६० साली चंबळच्या खोऱ्यात दरोडेखोरांनी त्यांच्यापुढे शस्त्रे ठेवली. एप्रिल १९६४ मध्ये ते पवनारला परतले, तेव्हा त्यांच्या वयाला अडुसष्ट वर्षे झाली होती.

पाच कोटी एकरांचा संकल्प मात्र पुरा झाला नाही. ४० लाख एकरांहून अधिक जमीन मिळाली, परंतु तीत खडकाळ होती, कज्जातली होती, आणि कागदावर देऊन प्रत्यक्षात न सोडलेलीही होती. भूमिहीनांच्या हाती गेली ती एकूण दानाच्या मानाने पुष्कळच कमी. ज्याला पट्टा मिळाला त्याला बैल, बी आणि अवजारे कोठून मिळणार, हाही प्रश्न होता. हृदयपरिवर्तनावर विनोबांचा जेवढा विश्वास होता, तेवढी काळजी पुढील व्यवस्थेची घेतली गेली नाही, हे मान्य करावे लागते. १९७५ च्या आणीबाणीतही त्यांच्या भूमिकेने अनेक जुने सहकारी दुखावले गेले. तरी धनवानांच्या दारी जाऊन भीक नव्हे तर गरिबाचा हक्क मागणारा, आणि तो न्यायालयाविना व बंदुकीविना काही प्रमाणात मिळविणारा असा दुसरा माणूस त्या काळात झाला नाही. महाराष्ट्रात ग्रामदानाचा कायदा १९६४ साली झाला, आणि त्या कायद्याखाली गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा या गावाच्या लोकांनी २०१३ साली आपल्या जमिनी ग्रामसभेच्या स्वाधीन केल्या. आपले जंगल राखण्याचे काम ते त्यापूर्वीपासून करीत होते.

विनोबांचे अखेरचे दिवस पवनारला गेले. १९५९ साली तेथे त्यांनी स्त्रियांसाठी ब्रह्मविद्या मंदिर स्थापन केले होते. शेती, स्वयंपाक, सफाई आणि छपाई ही सर्व कामे तेथील भगिनी स्वतः करीत. नोव्हेंबर १९८२ मध्ये ते आजारी पडले. शरीराचे काम संपले असे पाहून त्यांनी अन्न, पाणी आणि औषध घेण्याचे थांबविले. १५ नोव्हेंबर रोजी, ऐन दिवाळीत, त्यांचे निधन झाले. ज्या धाम नदीच्या काठी त्यांनी कुदळ चालविली होती, तेथेच त्यांच्या देहाला अग्नी देण्यात आला.