शंकर बाळकृष्ण दीक्षित

शंकर बाळकृष्ण दीक्षित (१८५३ - १८९८) हे भारतीय ज्योतिषाचे इतिहासकार, गणिती आणि मराठी लेखक होते. त्यांचा जन्म दापोली तालुक्यातील मुरूड येथे झाला. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात शिकून ते शिक्षक झाले. आजच्या रायगड जिल्ह्यातील रेवदंडा, तसेच ठाणे, बार्शी, धुळे व पुणे येथे त्यांनी अध्यापन केले. विद्यापीठाची पदवी त्यांच्याजवळ नव्हती. वेधशाळेचा आधारही नव्हता.

==कालनिर्णय==
गुप्त संवताचा आरंभ कोणत्या वर्षी झाला, हा एकोणिसाव्या शतकातील वादग्रस्त प्रश्न होता. जॉन फेथफुल फ्लीट यांच्या गुप्तकालीन लेखसंग्रहासाठी (१८८८) दीक्षितांनी लेखांतील तिथी-वारांचे गणित केले. बुधगुप्ताच्या एरण येथील लेखात गुप्त वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी आणि गुरुवार असा उल्लेख आहे. हा दिवस २१ जून ४८४ रोजी जुळतो. त्यामुळे संवताचा आरंभ इ.स. ३१९-३२० च्या सुमारास धरण्यास बळकटी आली.

त्यांचा अधिक धाडसी निष्कर्ष शतपथ ब्राह्मणाविषयी होता. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, असे त्या ग्रंथात म्हटले आहे. आज त्या महाराष्ट्रातून पाहता पूर्वेच्या सुमारे २५ अंश उत्तरेस उगवतात. पृथ्वीचा अक्ष सुमारे २६,००० वर्षांत एक फेरा पूर्ण करतो व त्यामुळे ताऱ्यांची उगवण्याची जागा हळूहळू सरकते. कृत्तिका नेमक्या पूर्वेस उगवत असतील तो काळ दीक्षितांनी इ.स.पू. ३००० च्या आसपास काढला. गणित निर्दोष असले तरी ब्राह्मणातील विधान काटेकोर निरीक्षण मानावे काय, यावर अनेक विद्वानांनी शंका घेतली व तो कालखंड सर्वमान्य झाला नाही.

==ग्रंथ==
रॉबर्ट सेवेल यांच्यासह लिहिलेला भारतीय कालगणनेवरील इंग्रजी ग्रंथ १८९६ मध्ये निघाला. त्याच वर्षी 'भारतीय ज्योतिषशास्त्र' हा त्यांचा प्रमुख मराठी ग्रंथ प्रसिद्ध झाला. वेदकाळापासून एकोणिसाव्या शतकातील पंचांगकर्त्यांपर्यंतचा इतिहास त्यात असून कोकणातील नांदगावच्या गणेश दैवज्ञांच्या 'ग्रहलाघवा'चीही चिकित्सा आहे. पुढे त्याची हिंदी व इंग्रजी भाषांतरे झाली. सामान्य वाचकांसाठी त्यांनी 'ज्योतिर्विलास' लिहिले. वयाच्या ४५ व्या वर्षाच्या आतच त्यांचे निधन झाले.