रामशास्त्री आणि एका अक्षराची साक्ष

गाणे शिकविणाऱ्याला अक्षराची किंमत लवकर कळते. भूपात धैवताच्या जागी मध्यम लागला की भूप उरत नाही. म्हणूनच की काय, ‘ध’चा ‘मा’ झाल्याची गोष्ट लहानपणी वडिलांच्या तोंडून ऐकली, तेव्हा मला ती स्वरांचीच गोष्ट वाटली होती. वडील दरबारी सेवेतले गवई. त्यांना ती तशीच सांगायची हौस. पुढे कळले की, त्या एका अक्षरावर एका तरुण पेशव्याचा प्राण आणि एका स्त्रीची कायमची बदनामी टांगलेली आहे. त्या अक्षराच्या पलीकडे उभ्या असलेल्या न्यायाधीशाचे चरित्र आज सांगावेसे वाटते.

राम विश्वनाथ प्रभुणे हे साताऱ्याजवळच्या क्षेत्र माहुलीचे. तरुणपणापर्यंत अक्षरशत्रू राहिलेला हा मुलगा सावकाराच्या घरी चाकरीस असता अपमान सहन न होऊन काशीस गेला व शास्त्री होऊन परतला, अशी आख्यायिका आहे. १७५१ साली ते पेशव्यांच्या सेवेत आले आणि १७५९ साली मुख्य न्यायाधीश झाले. थोरल्या माधवरावांचा त्यांच्यावर पूर्ण भरवसा होता. घरात एका दिवसापुरता शिधा ठेवावा, त्याहून अधिक नको, असा त्यांचा नेम सांगतात. ज्याला कोणाचे देणे नाही, त्याला कोणाचे भयही नसते.

या निर्भयतेची कसोटी ३० ऑगस्ट १७७३ रोजी लागली. गणेशोत्सवाचे दिवस होते. थकलेल्या पगाराचे निमित्त करून गारदी शनिवारवाड्यात घुसले. अठरा वर्षांचे नारायणराव पेशवे जीव घेऊन धावले ते चुलत्याच्या, रघुनाथरावांच्या दालनाकडे. दादासाहेब त्याच वाड्यात कैदेत होते. तेथेच, चुलत्याच्या डोळ्यांदेखत, पुतण्याचा खून झाला. धन्यावर आपला देह घालणारा चाफाजी टिळेकरही त्याच्याबरोबर मारला गेला.

आता न्यायाची अडचण पाहा. खून घरात झालेला. ज्यांनी सर्वात जवळून पाहिले, त्यांतले काही त्याच जागी मेले. जे उरले ते वाड्यातलेच चाकर, कारकून, आश्रित. आणि ज्याच्यावर संशय, तोच आता पेशवा! त्याच्याविरुद्ध बोलायचे म्हणजे अन्नावर आणि मानेवर पाणी सोडायचे. शिवाय डोळ्यांनी पाहणारा साक्षीदार फार तर तलवार कोणाच्या हाती होती ते सांगेल. त्या हाताला हुकूम कोणाचा होता, हे त्याने कोठून पाहावे?

धर्मशास्त्रात साक्षीदाराचे नियम कडक आहेत. आप्त, मित्र, वैरी यांची साक्ष एरवी ग्राह्य नाही. परंतु चोरी, मारहाण व साहस, म्हणजे बळजोरीचे गुन्हे, यांत कोणीही साक्षीदार होऊ शकतो, असे याज्ञवल्क्य सांगतो. हे शहाणपण आहे. घरातल्या खुनाला घरातलेच साक्षीदार मिळणार. त्यांना आश्रित म्हणून वगळले तर खुनी नेहमीच सुटेल. मात्र अशी साक्ष घ्यायची तर ती दुप्पट काळजीने पारखावी लागते.

शास्त्रीबुवांनी सुमारे सहा आठवडे शांतपणे चौकशी केली. आपल्या बडोद्यास सयाजीराव महाराजांच्या सेवेत राहून ज्यांनी रियासतीचा आरंभ केला, त्या गो. स. सरदेसाई यांनी दोषी ठरलेल्यांची संख्या ४९ दिली आहे. त्यांत गारदी थोडे, ब्राह्मण कारकून-मुत्सद्दीच अधिक. एवढ्यावरून दिसते की शास्त्रीबुवा तलवारीपाशी थांबले नाहीत. हुकुमाचा धागा धरून ते वर वर चढत गेले. तो धागा गादीपाशी पोहोचला, तेव्हा ते दादासाहेबांपुढे जाऊन उभे राहिले.

ग्रांट डफने १८२६ साली लिहिलेल्या इतिहासात पुढचा प्रसंग आहे. पुतण्याला धरण्याचा हुकूम आपण दिला, मारण्याचा नव्हे, असे दादासाहेबांनी कबूल केले. कागद मिळाला, त्यात अक्षर बदललेले होते. आणि ते आनंदीबाईंनी बदलले, असा सर्वसाधारण समज होता. वाचकहो, हा शेवटचा शब्द नीट पाहा. समज! अक्षर बदलताना बाईंना पाहिल्याचे सांगणारा साक्षीदार डफही पुढे आणीत नाही. तो कागदही आज उपलब्ध नाही. तरी नाटकांनी, कीर्तनांनी आणि आमच्या वडिलांसारख्या गोष्टीवेल्हाळांनी बाईंना दोषी ठरवून टाकले. त्या १७९४ साली वारल्या. लोकांच्या तोंडची शिक्षा अजून संपलेली नाही.

शास्त्रीबुवांनी मात्र त्या अक्षराच्या आडोशाला दादासाहेबांना लपू दिले नाही. सशस्त्र गारद्यांना आपल्याच घरातल्या मुलावर सोडणारा मनुष्य परिणामापासून मोकळा होत नाही. या पापाला देहान्ताखेरीज प्रायश्चित्त नाही, असा निर्णय त्यांनी तोंडावर सुनावला, पद सोडले आणि वाईजवळच्या खेड्यात जाऊन राहिले. दादासाहेबांची सत्ता होती तोवर ते पुण्यास परतले नाहीत. पुढे बारभाईंच्या कारभारात ते पुन्हा न्यायासनावर आले. २५ ऑक्टोबर १७८९ रोजी त्यांचा देहान्त झाला.

निर्णय अमलात आला नाही. दादासाहेब पुढे इंग्रजांच्या आश्रयास गेले. १७७५ साली आपल्या महीकाठच्या अडासला त्यांच्यापायी रणकंदन झाले. १७८३ साली ते आजाराने मेले. मग त्या निवाड्याचा उपयोग काय, असे माझा एक विद्यार्थी विचारीत होता. मी त्याला एवढेच सांगितले की, गादीवर बसलेल्याला त्याचा अपराध समोर उभे राहून सांगणारा एकजण होता, म्हणून त्या खुनाला खून म्हणता आले. वडिलांची गोष्ट मीही आता विद्यार्थ्यांना सांगतो. फक्त आनंदीबाईंचे नाव आले की थांबतो आणि विचारतो, हे पाहिले कोणी?